पूजेसाठी घासलेला नंबर

आमोद,

मी तुडीलला दीपेशकडे जाते आहे. आमटी झाली आहे, भात तेवढा लाव.

खंडेनवमीच्या पूजेसाठी तू कॉम्प्युटर आतून फॉरमॅट केलास आणि बाहेरून घासलेटने घासलास. माझ्याकडे शिकायला येणाऱ्या मुलांचा गाव वसवायचा खेळ गेला. परत टाकला तर नंबर मागतो. कॉम्प्युटरवर नंबरचं स्टिकर जिथे होतं, तिथे आता तुझं गंधाचं स्वस्तिक आहे. ती कंपनी कधीच बंद पडली, खेळ बाजारात मिळत नाही. "आई, मोबाईलवर ढीगभर गेम आहेत," हे पुन्हा ऐकवू नकोस. त्यातल्या कुठल्या गेममध्ये मुलं उतार मोजून बंधारा घालतात?

दीपेशकडच्या सीडीचा नंबर एकाच मशीनवर चालतो. माझा जुना विद्यार्थी तो, स्वतःचा खेळ काढून आपल्याला देतो आहे. तरी मुलांनी बांधलेलं काही परत येणार नाही.

चारला मुलं येतील. सारिका दारातच विचारेल, "दादा, माझा बंधारा हाय ना?" कॉम्प्युटर बिघडला म्हणून सांगू नकोस. तू काय केलंस ते सांग, आणि मी येईपर्यंत तिच्यासमोरून उठू नकोस.

आई