बटणांच्या कारखान्याचा खरा मालक

तीर्थरूप भावोजी,

धाकट्या मेहुण्याचा साष्टांग नमस्कार. (कंबर धरल्यामुळे तो खुर्चीत बसूनच घातला आहे, गोड मानून घ्यावा.) तुमचा गुडघा कसा आहे? ताईचा रक्तदाब? हे पत्र आधी एकट्याने वाचा, मग ताईला द्या आणि गुडघ्याला झेपेल तितके लांब जा.

आपल्या बटणांच्या कारखान्यावर खटला झाल्याचे तुमच्या कानावर आले असेलच. झाले एवढेच, की अकरा कामगारांच्या पगारातून म्हातारपणाचा फंड मी दरमहा न चुकता कापत होतो. भरायचा तेवढा राहिला. दोन वर्षे राहिला. त्या पैशांत मी एक यंत्र घेतले. ते बटणाला तीनच भोके पाडते. (चौथ्यासाठी वेगळे यंत्र लागते, हे विक्रेत्याने नंतर सांगितले.) अशात पॅकिंगच्या मावशी या महिनाअखेर निवृत्त होणार म्हणून फंडाच्या कचेरीत चौकशीला गेल्या, तर त्यांच्या नावावर दोन वर्षांचे काहीच निघेना. माझे पितळ उघडे पडले ते असे.

वकीलसाहेब म्हणाले, घाबरता काय, खटलाच रद्द करून घेऊ, वरच्या कोर्टात जाऊ. त्यांनी कायद्याची पुस्तके बाजूला सारून आपला हजेरीपट मागवला. बाबांची शिस्त तुम्हाला ठाऊक आहे: घरच्या मुलानेही रोज सकाळी सही करायची, उशीर झाला की अर्धा दिवस कापायचा. ती मी आजही पाळतो. (गेल्या वर्षी माझे एकोणीस अर्धे दिवस कापले गेले. मीच कापले, आणि आठवडाभर स्वतःशी बोललो नाही.) मग काय! सही करतो, पगार घेतो, फंड कापून घेतो, तो मालक कसा? खटला मालकावर आहे, आमचे अशील तर साधे कामगार, असा वकीलसाहेबांचा युक्तिवाद.

न्यायमूर्तींनी तो शांतपणे ऐकला आणि मला विचारले, तुमचाही फंड कापला? मी म्हटले, दरमहा. भरला नाही? एक पैसाही नाही. त्यावर ते इतक्या कळवळून "अरेरे" म्हणाले, की मला रडूच फुटले. दोन वर्षांत कुणी माझी विचारपूस केली नव्हती हो. त्यांनी मला आरोपीच्या जागेवरून उठवून तक्रारदारांच्या बाकावर बसवले. तिथे मी मालकाविरुद्ध बारावी सही ठोकली, आणि आवेशात त्याला दोन शिव्याही हासडल्या. शेजारी मावशी होत्या. त्यांनी मला रुमाल दिला आणि हळूच म्हणाल्या, "तुमचे पैसे गेले, वाईटच झालं. पण माझे घेतले कुणी, तेवढं सांगा."

खरे सांगतो भावोजी, लाज वाटली.

तुमचा आज्ञाधारक (आणि तूर्त सुटलेला),
मेहुणा

ता. क. मग मालक कोण, हे न्यायमूर्तींनी विचारलेच. ताईच्या लग्नात जावयाचा मान म्हणून बाबांनी कारखान्याच्या कागदावर मालक म्हणून तुमचे नाव घातले होते, आणि तुम्ही जेवणाच्या घाईत सही केली होतीत. तो कागद सापडला. गुरुवारी समन्स घेऊन माणूस येईल, घरीच थांबा.

आणखी ता. क. मावशी निवृत्त व्हायच्या आत सगळ्यांचा फंड भरून टाका, त्यांच्याकडे मला बघवत नाही. माझाही भरा, व्याजासकट. गरीब कामगाराच्या पोटावर पाय आणणे तुम्हाला शोभत नाही.