एक आत, एक बाहेर

मी, खाली सही करणारी, धंदा होड्या शिवण्याचा, हे मृत्युपत्र लिहिताना पूर्ण भानावर आहे. डॉक्टरीणबाईंनी सकाळीच तपासून तसं लिहून दिलंय. शेजाऱ्यांचं मत वेगळं असू शकतं. कोणी धाक घातलेला नाही. मला धाक घालणारा माणूस अजून जन्मायचा आहे.

घर आणि बँकेतली शिल्लक मुलगा व मुलगी यांना निम्मी निम्मी. शिल्लक भांडण्याइतकी नाही.

'प्राचीन माणसं वादळात भरकटून समुद्रापलीकडच्या बेटावर पोचली' असं भर सभेत ठणकावणाऱ्या प्राध्यापकांना माझी दुर्बीण द्यावी. त्याच बेटाच्या सफरीत आम्ही तिला हात लावला नाही, त्यामुळे कोरी आहे.

आता होडी. जुन्या माणसांसारखी, एकही खिळा न मारता, फळीला फळी काथ्याच्या दोरीने शिवून मी ती बांधली आणि दोन्ही मुलांना घेऊन निघाले. मागचा किनारा दिसेनासा झाला. संध्याकाळी पक्षी एकाच दिशेला परतताना दिसले. आम्ही शीड तिकडे वळवलं, आणि सकाळी पाण्यातून डोंगर वर आला. मुलगा रडत होता, मुलगी हसत होती, माझे हात आपोआप जुळले. हजारो वर्षांपूर्वी कोणी बाई लेकरू कडेवर घेऊन, बियाणं बांधून तिथे आली असणार. पुढे जमीन आहे हे तिला सांगणारं कोणीच नव्हतं. एवढं धाडस माणसाच्या अंगी येतं कुठून, हे मला अजून उलगडलेलं नाही.

मुलगा म्हणाला, "होडी संग्रहालयात ठेवू, नाहीतर कुजेल." मुलगी म्हणाली, "दादा, तिला काय शोभेला बांधलीय? ती परत समुद्रात जाणार." हे परतल्यावर माझ्या स्वयंपाकघरात झालं. तेव्हापासून दोघांत अबोला आहे आणि माझा जीव त्यात अडकलाय.

म्हणून आज मी होडीची सगळी शिवण कापली. डाव्या बाजूच्या फळ्या मुलाला, उजव्या मुलीला. भोकं पाडायचं गिरमिट त्याला, दोरी तिला. संग्रहालय की समुद्र, हे होडी पुन्हा उभी राहिल्यावर दोघांनी ठरवावं. मला दोन्ही मान्य.

टाका घालायला एक माणूस आत लागतो, एक बाहेर. मध्ये फळी, तोंड दिसत नाही. आतल्याने दोरी भोकातून द्यायची आणि हाक मारायची, "ओढ!" बाहेरच्याने म्हणायचं, "धरली!" मुकाट्याने घातलेला टाका सैल राहतो आणि पाणी आत येतं.

पहिली हाक कोणी मारायची, ते मी लिहून ठेवत नाही.

साक्षीदार :
१. डॉक्टरीणबाई
२. शेजारचे सुतार (दोरी कापताना दोनदा म्हणाले, "काकू, नक्की ना?")

स्थळ : होडीची शेड
दिनांक : ३ मार्च

सही : आई