बसला होतात की उभे?

चिंचवड,
डिसेंबर १९५७

प्रिय शालन,

नदीच्या एका काठाला तू, दुसऱ्या काठाला मी, आणि तरी पत्र लिहायची वेळ आणलीस. धन्य आहे बाई तुझी! थेरगावला माहेरी जाऊन बसलीस त्याला आठवडा होत आला. कितीदा निरोप धाडला, तर तुझी आई म्हणते, शालन कुणाला भेटत नाही. मग म्हटलं, लिहूनच तुझं डोकं खावं.

आमच्या आबांची होडी सुटली, ती तुझ्यामुळं. साखळीनं बांधलेल्या होडीकडे बघत आबा दोन घास धड खात नव्हते. एरवी माणसं पलीकडे सोडायची आणि रविवारी हौशी मंडळींना फिरवून आणायचं, यावर तर आमची चूल पेटते. त्या रविवारी पिंपरीच्या कारखान्यातली मंडळी सहलीला आली, तुझे रंगराव त्यांचे म्होरके. परतले तेव्हा कुणाचं डोकं फुटलेलं, कुणाची बोटं चेचलेली, रंगरावांचं उजवं मनगट मोडलेलं. गेनबानं, म्हणजे आमच्या आबांनी, होडी उलटवली, असं रंगरावांनी सांगितलं आणि गावानं माना डोलावल्या. आबा आपले एकच म्हणत राहिले, "आमी न्हाई उलटवली." गरिबाचं कोण ऐकतंय? पंचांनी होडी बंद केली.

तुझ्या त्या पुण्याच्या दवाखान्यातल्या कामाची मी काय कमी चेष्टा केली? आलेल्या प्रत्येकाच्या नावापुढं नोंदवहीत काय मोडलं त्याला एक आकडा, कशानं मोडलं त्याला दुसरा. मी म्हणायचे, मेलं हाड काय आकड्यानं सांधतंय! तेव्हा तू न चिडता सांगितलं होतंस, की माणसं कशानं पडतात ते नीट कळलं, तर पुढची पडायची वाचतात. होडी उलटून बुडालेला निराळा आणि होडीतल्या होडीत आपटलेला निराळा. दोघांना एका आकड्यात कोंबलं की झालं वाटोळं.

ही मंडळी नेमकी तुझ्याच दवाखान्यात आली. 'होडी उलटली' असं सगळ्यांनी एका सुरात सांगितलेलं. आकडा टाकून मोकळी झाली असतीस, तर तुला कोण विचारणार होतं? पण तुला खटकलं. नाकातोंडात पाणी गेलेला एकही नाही, आणि तुझ्या नवऱ्याच्या डाव्या मनगटावरचं घड्याळ टिकटिक चालू! मग प्रत्येक खाटेपाशी गेलीस आणि एकच विचारलंस, बसला होतात की उभे? हळूहळू एकेक जण बोलता झाला. फोटो काढून घ्यायला एक जण फळीवर उभा राहिला, आबा "बसा, बसा" ओरडत असताना होडी कलली आणि तो बाकीच्यांच्या अंगावर कोसळला. उलटली बिलटली काही नाही.

चावडीत तू आपणहून आलीस. उभा कोण होता, असं पंचांनी विचारलं तेव्हा मी दाराशीच होते. रंगराव हात गळ्यात बांधून समोर बसलेले. तुला तर नवऱ्याच्या नावाची चोरी! लग्नात आम्ही दार अडवून धरलं, तरी उखाण्याशिवाय नाव फुटलं नव्हतं तुझ्या तोंडून. 'आमच्या घरचे' म्हणाली असतीस तरी कळलं असतं. तू पदर सावरलास आणि सरळ म्हणालीस, "रंगराव उभे होते." अगं, माझ्या अंगावर काटा आला! मागून मी विचारलं, तर म्हणालीस, दुसरा कुणी असता तर त्याचं नाव घेतलंच असतं ना? अशी मैत्रीण मिळायला भाग्य लागतं, शालन. तोंडावर कधी बोलले नाही, आज लिहून देते.

साखळी सुटली आणि पहिली खेप तुझीच झाली. चारचौघांत नवऱ्याचं नाव घेतलं म्हणून सासूबाईंनी दार लावून घेतलं, आणि रंगरावांनी ते उघडलं नाही. तुला पलीकडे सोडून आबा आले ते डोळे पुसतच. "पोरीचा संसार मोडून मला होडी काय करायचीय?" म्हणतात. जेवण अजून धड नाहीच.

आता हे पत्र कशासाठी, ते ऐक. आज सकाळी रंगराव घाटावर आले. मान खाली. आबांना म्हणाले, गेनबा, मी खोटं बोललो. तिनं नाव घेतलं त्याचा राग आला होता, पण खोटं माझं होतं. आईशी बोललोय, दार उघडं आहे. मला थेरगावला सोडता का? आबांनी वल्हं उचललं. तू भाऊजींना दारात उभं करायची नाहीस, पण माझं अक्षर दिसलं तर हात पुढे करशील, म्हणून ही चिठ्ठी त्यांच्याच हाती देतेय. मी पायरीवर बसून लिहितेय, ते होडीत थांबलेत. वाऱ्यानं होडी चांगलीच डुलतेय. तू विचारशीलच, म्हणून आधीच सांगते. चांगल्या हातानं होडीचा काठ घट्ट धरून बसलेत, केव्हापासून. एकदाही उठलेले नाहीत.

तुझीच, पलीकडच्या काठावरून वाट बघणारी,
अंबू