भातावर चालणारी भट्टी

निमिषदादा,

तांजोंग पगारच्या तुझ्या ऑफिसातून मी न सांगता निघून आले.

लहानपणी आपण खेळात रचलेल्या नादपुरात एक भट्टी होती. आई म्हणाली होती, भट्टीला भाता लागतो. मी भात ऐकलं. तू खूप हसलास, पण माझी चूक तशीच ठेवलीस. मूठभर भात घातला की भट्टी एक गाणं घडवायची. सेम्बावांगच्या फ्लॅटमध्ये आपण पानातला भात तिच्यासाठी बाजूला काढायचो.

तू आता बनवतोयस त्या गेममध्ये त्याच भट्टीत गवई ढकलतात. गवई जळतो आणि तलवार बाहेर येते.

"भातावर कोण खेळणार, लाह?" इथल्यांसारखा शेवटी 'लाह' जोडून तू म्हणालास. ऑफिसातले सगळे हसले. मग माझ्याकडे वळलास. "अनू, जळतानाचा आलाप तूच गा. घरचं माणूस असताना बाहेरचं कशाला?"

गेम मी एक वेळ सहन केला असता. घरचं माणूस म्हणून तू तो आलाप हक्काने मागितलास, त्याची किळस आली.

आलाप मिळणार नाही. हे पत्रही पाठवत नाही. पाठवलं, तर यातलं एखादं वाक्यही तू भट्टीच्या तोंडी घालशील.

भाऊबीजेपुरती तुझी,
अनघा