मुभा राखून

प्रिय जोएल,

मंगळवारी नेवाशाच्या कोर्टातून मी दावा काढून घेतला आणि संध्याकाळपर्यंत तू गल्लीत पेढे वाटून मोकळा झालास. तुझ्या शेजारच्या बनुबाईंचा लगेच फोन आला, "ताई, तुमी हरल्या म्हनं? जोएलनं मलाबी दोन पेढं दिलं." मोबाईलवर 'सत्याचा विजय' असंही लावलंस म्हणे. अरे, आधी कोर्टाचा हुकूम वाचायचा तरी! पण वाचायचा कंटाळा तुला शाळेपासूनच. तेव्हा तुझे निबंध मी लिहायचे, आता हुकूमही मीच समजावून सांगते.

नव्याने दाखल करण्याची मुभा राखून दावा काढून घ्यायला परवानगी, असं त्यात लिहिलंय. म्हणजे बाबांच्या घरात आणि शेतात माझा हिस्सा आहे की नाही, हे अजून ठरलेलंच नाही. आणि ही मुभा मिळाली तुझ्याच हुशार वकिलामुळे. आपली बहीण ग्लोरियाही वारस असून पक्षकार नाही, म्हणून दावाच चुकीचा, असं त्यांनी छाती फुगवून लेखी दिलं. ती "मला यात ओढू नका" म्हणाली म्हणून मी तिला वगळलं होतं, चूक माझीच. ती सुधारायला वाव द्या, एवढंच माझ्या वकिलांनी मागितलं.

तुझा मला राग येत नाही, कीव येते. शेवटच्या आजारपणात बाबा वर्षभर माझ्याकडे केडगावला होते. तू दोनदा आलास, दोन्ही वेळा सातबारा कुठे ठेवलाय ते विचारायला. त्यांच्या उशाशी पाच मिनिटं बसला नाहीस.

पण दावा काढून घ्यायचं खरं कारण वकील नाहीत. पुढच्या तारखेला आईची उलटतपासणी होती. मुलींनी बाबांसमोर तोंडी हक्क सोडला, अशा धडधडीत खोट्या शपथपत्रावर तू तिची सही घेतलीस. चाळीस वर्षं संडेस्कूलच्या मुलांना दहा आज्ञा शिकवलेली बाई ती. मनात पाप ठेवून घेऊ नये म्हणून त्या सहीनंतर चार महिने तिने चर्चमध्ये प्रभुभोजन घेतलं नाही. भाकरीची थाळी आली की मान खाली घालून पुढे सरकवायची. तू शेजारीच बसायचास, तुला दिसलं नाही. सुटीला आलेल्या ग्लोरियाला पहिल्याच रविवारी दिसलं, आणि रडत तिने मला फोन केला. पिंजऱ्यात उभं राहून आईने खोटं बोलायचं, नाहीतर पोटच्या मुलाला खोटं पाडायचं. मला दोन्ही नको होतं.

काल मी चर्चमध्ये मागच्या बाकावर होते. आईने भाकर घेतली. म्हणून हे पत्र. तिच्यापुढे पुन्हा एकही कागद ठेवू नकोस. ठेवलास तर त्याच आठवड्यात आम्ही दोघी बहिणी कोर्टात असू, ग्लोरियाने तसं कबूल केलंय. तोवर उरलेले पेढे तू खा. आईला देऊ नकोस, तिला साखरेचा त्रास आहे. तेही तुला ठाऊक नसेल.

नाइलाजाने तुझीच,
दयाताई