कॉलरचा माईक

पाथरी, गुरुवार

प्रिय महारुद्र,

'प्रिय' हात सवयीने लिहून गेला, मनावर घेऊ नकोस. तुझ्या लग्नाचा व्हिडिओ तयार झाला. तीन तास दहा मिनिटं. हळद, फेटा, अक्षता, तुझ्या आईचं रडणं, सगळं जागच्या जागी आहे. दचकलास ना? तू नव्या नवरीला घेऊन फिरायला गेलास आणि तुझ्या योगीराजमामांनी शूटिंगची कार्डं आमच्याच स्टुडिओत आणून टाकली. त्यांना तरी काय माहीत? आपलं कुणाला कळू द्यायचं नाही, हे तूच ठरवलेलं. चार वर्षं तू पेडगावहून लग्नांचं शूटिंग घेऊन यायचास, मी ते जोडायचे, आणि लोकांपुढे मी नुसती 'आमची मिक्सिंगवाली'.

मागच्या वर्षीची तुझी शॉर्टफिल्म मी परभणीच्या स्पर्धेत शेवटच्या रांगेत बसून पाहिली. ब्रेकअपनंतरच्या भावना, प्रायोगिक, सात मिनिटं. काळा कुर्ता घालून तू गोदावरीच्या काठी उलटा चालतोस, वही जाळतोस, मध्येच म्हशीचा डोळा दिसतो. तो कशासाठी, हे अजून कुणाला उमगलेलं नाही. इथवर मी हसलेही असते. पण मागे माझा आवाज होता. 'जेवलास का? लय उशीर करू नको.' फक्त तुझ्यासाठी मोबाईलवर पाठवलेला. तो तू अकरा वेळा वाजवलास आणि शेवटी पाटी दाखवलीस, की ती चांगल्या पगाराचा नोकरीवाला बघून सोडून गेली. टाळ्याच टाळ्या. शेजारच्या बाई डोळे पुसत मला म्हणाल्या, 'कसली दगडाच्या काळजाची पोरगी असंल, बाई!' मी मान हलवली. ती दगडाच्या काळजाची पोरगी पाथरीच्या स्टँडवर तुझा डबा हातात धरून उभी होती आणि 'घरचे न्हाई म्हनायलेत' एवढं बोलून तू जीपमध्ये चढला होतास, ते पाटीवर मावलं नसावं. मला तुझा राग आला. अजून आहे, आणि तो जावा असं मला वाटतही नाही.

तर तुझं लग्न. नवरदेवाच्या कॉलरला माईक लावला की सप्तपदीच्या वेळी त्याचा आवाज नीट येतो, ही युक्ती तुझीच. काम नसेल तेव्हा माईक आधी बंद करा, हेही तूच सगळ्यांना ओरडून सांगायचास. स्वतःच्या लग्नात मात्र विसरलास. फेटा बांधून घेताना तुझा मित्र भागवत याने तुला फिल्ममधल्या पोरीबद्दल छेडलं, आणि तू म्हणालास, 'ती कशाची सोडायलीय मला? मीच सोडली. खरं दाखवलं असतं तर टाळ्या कोन वाजवल्या असत्या? आन् ही बी कशी का असंना, सासरा परभनीत स्टुडिओ टाकून देनार हाय.' वर हसलास. मी हेडफोन काढला, पाणी प्यायले, परत लावला.

मग मीही एक फिल्म केली. चित्र तुझंच, एकही कट बदलला नाही. फक्त माझा आवाज काढून घेतला आणि त्या जागी तुझा ठेवला. अकरा वेळा. म्हशीचा डोळा आता कुठे शोभून दिसतो. येत्या रविवारी त्याच हॉलमध्ये ती दाखवणार आहेत, आणि गेल्या वर्षीचा विजेता म्हणून पहिल्या रांगेत तू असशील. माझा आवाज घेताना तू विचारलं नव्हतंस, तेव्हा मीही विचारत नाही. लग्नाच्या व्हिडिओत मात्र यातलं काही घातलेलं नाही. तुझी आई, कमलबाई, लेकाचं लग्न भावकीला जमवून बघणार. त्यांनी माझं काही बिघडवलेलं नाही.

पण पत्र लिहायचं कारण वेगळंच आहे. मागच्या महिन्यात तुझी बायको अर्पिता व्हिडिओसाठी गाणी निवडायला आली होती, एकटीच. फेटा बांधतानाचा तुकडा समोर स्क्रीनवर चालू होता. तिने सहज विचारलं, 'हे इतकं काय बोलायलेत?' मी हेडफोन तिच्या हातात दिला. तिने दोनदा ऐकलं. रडली नाही. मग मी कोण तेही तिला सांगितलं, आणि तिच्याबद्दलचं वाक्य फिल्ममधून काढते म्हणाले, तर म्हणाली, 'न्हाई ताई, ऱ्हाऊ द्या. मी बी येते बघायला.' त्याला महिना झाला. महिनाभर ती तुझ्या घरात गप्प आहे, रविवारपर्यंत गप्पच राहणार आहे, आमचं तसं ठरलंय. आज पेनड्राईव्ह न्यायला आली तेव्हा हे पाकीट मी तिच्यासमोरच चिकटवलं. म्हणजे ते तुझ्या हातात तिनेच दिलंय. आज ती ताट वाढेल, 'जेवता का?' म्हणून विचारेल. आवाज नीट ऐक.

तुझीच मिक्सिंगवाली,
ऋतुजा