तुमची शेवटची स्पूल

बाबा, तुमची शेवटची स्पूल आज सकाळी भाजायला दिली आहे. भाजायला म्हटल्यावर तुमच्या कपाळाला आठी पडणार, पण तुमच्यामागे हे शास्त्र मला शिकावं लागलं. जुन्या टेपवरचा थर ओल धरून चिकट होतो. मंद आचेवर आठ तास सुकवला तर टेप थोडे दिवस वाजते, तेवढ्यात गाणी उतरवून घ्यायची. नाही जमलं तर तो चॉकलेटी थर मशीनवरच निघून येतो आणि गाणं त्याच्याबरोबर जातं. आठ तास होत आले, मी स्टुडिओबाहेर गाडीत बसले आहे. या गाण्यांची दुसरी टेप जगात कुठेही नाही.

तुमच्या घरगुती रेकॉर्ड लेबलला ऑफिसातले लोक तुमचं खूळ म्हणायचे. शिपिंग कंपनीत आठवडाभर कंटेनरांचे कागद रंगवले की शुक्रवारी, सुट्टीच्या सकाळी, इथे आखातात अल मनखूलच्या आपल्या हॉलमध्ये भिंतींना गाद्या लागायच्या. हॉटेलात रोज तीच ती फर्माइशी गाणी वाजवून वैतागलेले वादक यायचे, कुणी गोव्याचे, कुणी मनिलाचे, आणि आपल्याकडे मन भरेपर्यंत जॅझ नि ब्लूज वाजवायचे. घरघर टेपवर येते म्हणून हॉलमधला एसी बंद, फ्रिजही बंद. सगळे घामाने निथळताहेत, तुम्ही बनियनवर हेडफोन लावून बसला आहात, आणि नेमकी आईच्या कुकरची शिट्टी होते. "अहो, माणसांना जेवायला घालायचंय की नाही?" आई आतून ओरडते. ट्रम्पेटवाला हसत सुटतो. तुम्ही नाही हसत. अशा अकरा कॅसेटी काढल्यात, कव्हरं स्वतः चिकटवलीत, हॉटेलांच्या लॉबीत उभं राहून विकल्यात. पुढे हॉटेलांतले बँड गेले, वादक पांगले. बारावी कॅसेट, त्या गोव्याच्या गायिकेच्या ब्लूजची, निघालीच नाही. तिची फक्त ही स्पूल राहिली.

स्पूलांच्या खोलीतला एसी मात्र बारा महिने चालू असायचा. मी नऊ-दहा वर्षांची असताना, सुट्टीत इंडियाला निघताना, शहाणपणा करून तो बंद केला होता. कळल्यावर तुम्ही एअरपोर्टच्या वाटेवरून टॅक्सी परत फिरवलीत. तरीही तुम्ही गेल्यावरच्या पहिल्या सुट्टीत मी मेन स्विच पाडला. इथे सगळेच पाडतात. फ्रिज रिकामा, गॅस बंद, मेन बंद, यल्ला, चला, एअरपोर्ट. सगळा जुलै आणि ऑगस्ट ती खोली शिजत राहिली. परत आले तर कपाटातून जुन्या मेणखडूंसारखा वास येत होता. मी कपाट लावून टाकलं आणि सहा वर्षं उघडलं नाही, इतकी मी घाबरले होते.

मागच्या महिन्यात त्या गोव्याच्या गायिकेचा फोन आला. ऐंशीच्या घरात आहे आता, रुवैसला लेकीकडे असते. "तुमच्या घरी गायले ना बाय, तसं hotel मध्ये मला कोणी कधी गाऊ दिलं नाही. एकदा ऐकायचंय, बस्स." तेव्हा कुठे कपाट उघडलं. साउंड इंजिनिअरने वीतभर टेप ओढून पाहिली आणि मान हलवली. "Condition अच्छा नहीं है, मॅडम. Try करेंगे, guarantee नहीं. Backup तो है ना?" मी भाजायची तारीख ठरवून घेतली.

आत्ता पाच मिनिटांपूर्वी तिने पुन्हा फोन केला. माझा आवाज ऐकून म्हणाली, "घाबरतेस कशाला गो? तुझ्या पप्पांनी हॉस्पिटलमधून मला फोन केलेला. बोलले, मुलीने दुसरी copy काढून ठेवली, आता मला tension नाही."

तुम्ही विचारलं होतंत, बाबा. कॉटवर अर्धवट उठून, "कॉपी काढलीस ना?" मी ऑफिसातून तशीच आले होते, दमले होते. या शनिवारी काढू असं मनात म्हणत मी "हो" म्हणून टाकलं. तुम्ही माझा हात थोपटलात आणि उशीला टेकलात. तो शनिवार यायच्या आधीच तुम्ही गेलात.

इंजिनिअर दारातून हात करतोय, टेप तयार आहे. फोन ठेवताना तिने विचारलं, "आहे ना ती copy नीट?"

मी तिलाही हो म्हणाले, बाबा.